‘शिओसाई’ (१९५४) : कमरेला दोर बांधून पाण्यात उतरणाऱ्या बायका

किनारवेडी

जुन्या जपानी सिनेमाचा विषय निघाला की १९५४ साल हमखास येतं. एप्रिलमध्ये ‘सेव्हन समुराई’, नोव्हेंबरात ‘गोदझिला’. या दोन धिप्पाड चित्रपटांच्या मधे, २० ऑक्टोबरला, त्याच तोहो कंपनीने एक साधासा कृष्णधवल चित्रपट आणला. नाव ‘शिओसाई’, म्हणजे समुद्राची गाज. दिग्दर्शक सेनकिचि तानिगुचि, संगीत तोशिरो मायुझुमी. मूळ कादंबरी युकिओ मिशिमाची, त्याच वर्षी जूनमध्ये प्रसिद्ध झालेली. पुस्तक बाजारात आल्यापासून चार-साडेचार महिन्यांत चित्रपट पडद्यावर! या चित्रपटाबद्दल मराठीत फारसं कुठे वाचलं नाही, म्हणून हा धागा.

कथा थोडक्यात. इसे उपसागराच्या तोंडाशी एक लहानसं बेट आहे, कामिशिमा. मिशिमाने कथेत त्याचं नाव उताजिमा ठेवलं. शिंजी हा अठरा वर्षांचा गरीब कोळी पोरगा, ऑक्टोपसची मडकी टाकणाऱ्या होडीवर कामाला. बाप युद्धाच्या शेवटच्या वर्षी विमानातून झालेल्या गोळीबारात गेलेला. घरात आई आणि धाकटा भाऊ. आई ‘अमा’, म्हणजे दम कोंडून समुद्रात बुडी मारणारी बाई. गावातला सगळ्यात पैसेवाला जहाजमालक तेरुकिचि आपल्या मुलीला, हात्सुएला, परत घरी आणतो. ती शिमाच्या किनाऱ्यावरच्या अमांकडे दत्तक दिलेली होती, त्यामुळे तीही तयार पाणबुडी. दोघांचं जमतं. गावात कुजबुज होते, बाप भेटी बंद करतो, आणि यासुओ नावाचा मिजासखोर पोरगा आडवा येतो. शेवट गोड.

सगळ्यांच्या लक्षात राहतो तो शेकोटीचा प्रसंग. वादळात भिजलेले दोघं डोंगरावरच्या पडक्या इमारतीत कपडे वाळवतात आणि हात्सुए म्हणते, आगीवरून उडी मारून ये. ती इमारत खरीखुरी आहे. पलीकडच्या इरागोहून लष्कर तोफांची चाचणी घ्यायचं, ते गोळे कुठे पडतात हे टिपायला १९२९ साली बांधलेली. युद्ध हरलेल्या देशातल्या दोन कोवळ्या जिवांना प्रेमासाठी आडोसा कुठला मिळाला, तर सोडून दिलेल्या लष्करी चौकीचा. मिशिमा यावर एक अक्षर बोलत नाही, आणि म्हणूनच ते मला जास्त भिडतं.

पण माझा जीव अडकलाय तो दुसऱ्याच प्रसंगात. उन्हाळ्यात एक फिरता विक्रेता बेटावर येतो. त्याच्याकडे तीन हातपिशव्या असतात, तरुणीसाठी निळी, मध्यम वयाच्या बाईसाठी तपकिरी, म्हातारीसाठी काळी. जी बाई सगळ्यात जास्त अवाबी काढेल तिला हवी ती पिशवी फुकट. बायका पाण्यात उतरतात. हात्सुए वीस काढते, शिंजीची आई अठरा. हात्सुए जिंकते, आणि घेते तपकिरी पिशवी. तिथल्या तिथे ती शिंजीच्या आईच्या हातात ठेवते. याच आईला काही दिवसांपूर्वी हात्सुएच्या बापाने दारातून परत पाठवलेलं असतं. एक तरुण पाणबुडी दुसऱ्या अनुभवी पाणबुडीशी सोयरीक जोडते. पुरुषांनी महिनोन्‌महिने घातलेला गोंधळ बायकांनी एका दुपारी, कामाच्या जागीच मिटवला.

इथे एक गोष्ट स्पष्ट करते. या कथेची ओळख परदेशात सर्रास ‘मोती काढणाऱ्या पाणबुड्यांची गोष्ट’ अशी करून दिली जाते. या बायका मोत्यांसाठी बुडत नाहीत. त्या काढतात अवाबी (एकाच शिंपेचा, खडकाला घट्ट चिकटून बसणारा मोठा शंखप्राणी), साझाए नावाचे गोगलगायीसारखे शंख आणि समुद्री शेवाळ. मोत्यांचा धागा जवळूनच जातो, हे मात्र खरं. समोरच्या तोबा गावच्या कोकिचि मिकिमोतोने १८९३ मध्ये पहिल्यांदा शिंपल्यात अर्धगोल मोती तयार करून दाखवला. त्याच्या मोत्यांच्या शेतीसाठी शिंपले गोळा करणं, ते तळाशी ठेवणं, पाणी बिघडलं की दुसरीकडे हलवणं ही कामं अमा करायच्या. मिकिमोतो वारला २१ सप्टेंबर १९५४ ला, चित्रपट लागण्याच्या महिनाभर आधी. पण मोत्याची झळाळी या बायकांना चिकटवली की त्यांचं काम दिसेनासं होतं. उरतात फक्त पांढऱ्या कपड्यातल्या ओलेत्या सुंदऱ्या. पुढे कित्येक चित्रपटांनी नेमकं तेच विकलं.

आता मूळ मुद्दा. कथेचा कळस असा की तेरुकिचिच्या जहाजावर शिंजी आणि यासुओ दोघं कामाला लागतात, ओकिनावाला तुफान येतं, आणि जहाज वाचवायला कोणीतरी दोर घेऊन समुद्रातल्या बोयापर्यंत पोहत जायला हवं असतं. शिंजी कमरेला दोर बांधून उडी टाकतो. यासुओ मागे सरतो. तेरुकिचि ठरवतो, जावई हाच. इथे मला सारखं वाटतं, कमरेला दोर बांधून समुद्रात उतरणं ही शिंजीची आई आयुष्यभर ज्या बायकांमध्ये वावरली त्यांची रोजची रीत आहे! होडीवरून बुडणाऱ्या अमांच्या कमरेला जीवनदोर असतो. वर नवरा दोर धरून बसलेला. ती वजन धरून झपकन तळाला जाते, दम संपत आला की दोराला हिसका देते, आणि तो हातावर हात टाकत तिला वर खेचतो. दिवसातून कितीतरी वेळा. मुलाने एका रात्री ते केलं तर तो मर्द ठरला. आईने आणि तिच्या शेजारणींनी रोज केलं तर ते पोटापाण्याचं काम. मिशिमाला हे दिसलं होतं की नकळत लिहून गेला, हे वाचकांनी ठरवावं. मला तरी आता हा चित्रपट शिंजीचा वाटतच नाही.

जुनाजाणता

उत्तम धागा. तानिगुचिबद्दल थोडी भर. हा माणूस ‘सेव्हन समुराई’वाल्या कुरोसावाच्या सावलीत राहिला, त्याचं नाव निघालं याचाच आनंद झाला. दोघं काजिरो यामामोतोच्या हाताखाली साहाय्यक म्हणून तयार झाले. तानिगुचिचा पहिला चित्रपट १९४७ चा, बर्फातल्या डोंगरावर घडणारा. पटकथा कुरोसावाची, आणि त्यातच तोशिरो मिफुने पहिल्यांदा पडद्यावर आला. म्हणजे मिफुनेला पहिली संधी तानिगुचिने दिली. ‘शिओसाई’त मिफुने जहाजाच्या कप्तानाच्या लहानशा भूमिकेत आहे. ‘सेव्हन समुराई’ गाजत असताना इतकी छोटी भूमिका घेणं यात मला जुनी मैत्री दिसते.

शिंजी झालेला अकिरा कुबो तेव्हा सतरा-अठरा वर्षांचा, भूमिकेइतकाच. पुढे कुरोसावाच्या मॅकबेथवरच्या चित्रपटात तो मिकी नावाच्या सरदाराचा मुलगा झाला. हात्सुए म्हणजे क्योको आओयामा. दोघांच्या चेहऱ्यावर नटवेपणा नाही, आणि या गोष्टीला तेच हवं होतं.

आणखी एक. निर्माता तोमोयुकी तानाका. ‘गोदझिला’चाही तोच. ‘गोदझिला’त सुरुवातीला जे बेट दिसतं, त्याचं चित्रीकरण तोबाजवळच्या इजिका गावात झालं. तेही अमांचंच गाव! म्हणजे १९५४ च्या उन्हाळ्यात एकाच निर्मात्याचे दोन चित्रपट एकाच किनाऱ्यावर घडत होते. एकात समुद्र पोसतो आणि दुसऱ्यात समुद्रातून संकट येतं.

मुक्ता_अ

किनारवेडी, लेख आवडला पण शेवटचा मुद्दा पटला नाही. तुफानात बोयापर्यंत पोहणं आणि रोजची बुडी यात फरक आहे. शिंजी स्वतःहून पुढे होतो, तिथे कोणी त्याला भाग पाडलेलं नाही. कथेला एक निर्णायक क्षण लागतो, तो लेखकाने दिला. त्यात आईचं काम कमी कुठे लेखलं?

उलट माझी तक्रार वेगळी आहे. मिशिमा या बायकांकडे ज्या नजरेने बघतो ती मला खटकते. हात्सुएवरचा आळ खोटा ठरतो तो कसा? तर किनाऱ्यावर शेकत बसलेल्या बायका तिचं शरीर बघून निवाडा करतात. म्हणजे तिच्या शब्दाला किंमत नाही, देहाच्या साक्षीला आहे. शेकोटीच्या प्रसंगाला सगळे निरागस म्हणतात. पण कॅमेरा आणि लेखणी दोन्ही कोणाकडे वळतात ते बघा.

किनारवेडी

मुक्ता, नजरेबद्दल पूर्ण सहमत. मिशिमा १९५२ मध्ये ग्रीसला जाऊन आला आणि देहाच्या सौंदर्याने भारावून परतला. लाँगसची डॅफ्निस आणि क्लोई ही जुनी ग्रीक प्रेमकथा त्याने समोर ठेवली होती, हे त्याने लपवलेलं नाही. मेंढ्या राखणारी पोरं त्याने कोळ्यांची केली. ग्रीक पुतळे शोधायला गेलेल्या माणसाला बेटावर घाम गाळणाऱ्या बायका भेटल्या. काही पानांवर त्याला पुतळेच दिसतात आणि काही पानांवर बायका दिसतात. पिशव्यांच्या स्पर्धेत बायका दिसतात, म्हणून मी त्या पानांवर रेंगाळले.

निर्णायक क्षणाबद्दल मात्र माझं म्हणणं कायम. आईचं काम कमी लेखलंय असं मी म्हणत नाही. ते मोजलंच जात नाही, असं म्हणते. तेरुकिचि म्हणतो की पुरुषात धमक हवी. त्याच्या स्वतःच्या मुलीत ती किती आहे हे त्याने कधी मोजलं?

दमसास

मी हौसेने फ्रीडायव्हिंग करतो, त्यामुळे अमांबद्दल मिळेल ते वाचत असतो. ज्यांनी कधी बुडी मारलेली नाही त्यांना या कामाचा अंदाज यावा म्हणून लिहितो.

एक बुडी साधारण अर्धा ते एक मिनिट. किनाऱ्याजवळ, लाकडी पिंप किंवा तरंगतं टायर सोबत ठेवून बुडणाऱ्या अमा साधारण पाच ते दहा मीटर जातात. होडीवरून वजन घेऊन उतरणाऱ्या वीस मीटरपर्यंत. ऐकायला फार मोठे आकडे वाटत नाहीत, विक्रमवीर याच्या कितीतरी पट खोल जातात. पण विक्रमवीर एक बुडी मारून दिवसभर विश्रांती घेतो. इथे तास-दीड तासाच्या एका पाळीत एकामागून एक बुड्या, मधे जेमतेम दम घेण्याइतकी उसंत. आणि तळाशी गेल्यावर काम करायचं असतं. अवाबीला चाहूल लागली की तो खडकाला असा आवळून बसतो की मग हत्याराने शिंप फुटेल पण तो सुटणार नाही. लोखंडी पट्टी एकाच झटक्यात त्याच्या पायाखाली सारायची. हुकलं तर दम संपलेला, वर या, पुन्हा खाली जा आणि तीच कपार अंदाजाने शोधा.

वर आल्यावर त्या ओठ आवळून हळूहळू श्वास सोडतात, त्याची शीळ वाजते. इसोबुए म्हणतात तिला. या शिळेमुळे फुप्फुसातली हवा एकदम न सुटता सावकाश सुटते. ध्वनिमुद्रण शोधून जरूर ऐका.

थंडीचं विसरू नका. रबरी सूट साधारण १९६० च्या दशकात आले. चित्रपटातल्या काळात अंगावर सुती कपडा, पुष्कळ ठिकाणी नुसतं कमरेचं वस्त्र. म्हणून किनाऱ्यावरच्या शेकोटीच्या झोपडीला (अमागोया) इतकं महत्त्व. जेवण, गप्पा, भांडणं, सल्ले सगळं त्या शेकोटीभोवती. मुक्ताने वर सांगितलेला निवाडाही तिथलाच.

देवबागचो

वाचून आवस आठावली. आमच्याकडे बायको सुकतीक खडपार कालवां काढूक जातत. बुडी नाय मारूची लागणा, पण कोयतीन कालव फोडताना शिंपेची धार हातात घुसता. आवशीच्या दोनय तळहातांवर बारीक चरे होते, ते कधीच भरले नाय. बाजारात कालवांचो वाटो स्वस्त करा म्हणणाऱ्यांनी ते हात बघूक होये.

(बाकीच्यांसाठी: आवस म्हणजे आई, सुकती म्हणजे ओहोटी, खडप म्हणजे समुद्रातला खडकाळ भाग.)

किनारवेडीचा मुद्दा मला शंभर टक्के पटलो. आमच्याकडेय दर्यार जाणारो पुरुष तो दर्यावर्दी, आणि खडपार वाकान काढणारी बाई ती नुसती ‘कालवां काढूक गेली’.

नागोयावासी

नोकरीमुळे बरीच वर्षं नागोयात आहे. कामिशिमाला जाऊन आलोय. तोबाहून बोट मिळते, इरागोच्या बाजूनेही मिळते. बेटाचा घेर जेमतेम चार किलोमीटर, सावकाश चालत अर्ध्या दिवसात पाहून होतं. घरं डोंगरउतारावर एकमेकांना खेटून. कथेत जिथे वारंवार प्रार्थना होते ते याशिरो मंदिर २१४ पायऱ्यांवर आहे. शिंजी त्या धावत चढतो असं लिहिलंय, मी मधे थांबत थांबत गेलो. दीपगृह १९१० चं. चियोको, शिंजीवर मनातून जीव असलेली आणि जळून खोटी बातमी पसरवणारी पोरगी, याच दीपगृह-रखवालदाराची मुलगी. ती तोफगोळे टिपायची चौकी अजून उभी आहे, डागडुजी केलेली. आत छत आणि भिंतींशिवाय काही नाही, खिडकीच्या चौकटीतून थेट इरागोची सामुद्रधुनी दिसते.

मिशिमाने शहराचा वारा न लागलेलं बेट हवं म्हणून सरकारी मत्स्य खात्याकडे चौकशी केली होती, त्यातून कामिशिमाचं नाव पुढे आलं. १९५३ मध्ये तो दोनदा येऊन राहिला, मच्छीमार संस्थेच्या प्रमुखाच्या घरी. पात्रं, पाण्याची टंचाई, पाणी भरायच्या पाळ्या हे सगळं त्याने बघून लिहिलंय. यासुओ पहाटेच्या अंधारात हात्सुएला गाठतो ते ती पाण्याच्या पाळीवर गेलेली असतानाच.

कथेत बेटाची वस्ती चौदाशे सांगितली आहे. आता काहीशे उरलेत, बहुतेक म्हातारे. नवीन वर्षाच्या पहाटे तरुण पोरं बांबूंनी मोठं पांढरं कडं उचलून धरतात असा गेता नावाचा जुना उत्सव होता. माणसं पुरेनात म्हणून २०१८ पासून तो थांबला.

अक्षरा

कोणती आवृत्ती बघावी? मला पाच सापडल्या: १९५४, १९६४, १९७१, १९७५ आणि १९८५.

जुनाजाणता

आधी १९५४. त्यानंतर वेळ असेल तर १९६४ ची, सायुरी योशिनागासाठी, आणि १९७५ ची, मोमोए यामागुचीसाठी. दोघी आपापल्या काळातल्या लाडक्या नायिका, त्यामुळे त्या चित्रपटांत सगळा प्रकाश हात्सुएवर आहे आणि गाव मागे सरकतं. १९५४ मध्ये गाव पुढे आहे. किनारवेडी जे शोधतेय ते तिथेच सापडेल.

मायुझुमीचं संगीतही ऐका. तेव्हा तो अवघा पंचवीस वर्षांचा होता. पुढे त्याने मिशिमाच्याच सुवर्णमंदिराच्या कादंबरीवर ऑपेरा रचला, १९७६ मध्ये बर्लिनला झाला.

वेरूळकर_नाही

अवांतर, पण महाराष्ट्राशी नातं आहे म्हणून. मिशिमा १९६७ मध्ये भारतात आला होता आणि अजिंठ्याला गेला होता. त्याच्या शेवटच्या चार कादंबऱ्यांपैकी तिसरीत नायक काशी आणि अजिंठा दोन्ही बघतो. ‘शिओसाई’ इतकी उजळ आणि ती कादंबरी इतकी गडद, की एकाच हाताने लिहिलीत हे पटायला वेळ लागतो.

मुक्ता_अ

सगळे प्रतिसाद वाचून पुन्हा एकदा बघितला. दमसास आणि देवबागचो यांचं लिहिणं डोक्यात ठेवून बघितल्यावर आईकडे जास्त लक्ष गेलं, हे कबूल करायला हवं. नजरेबद्दलचं मत तसंच आहे.

एक प्रश्न: अशा स्पर्धा खरोखर होतात का, की मिशिमाने रचली?

किनारवेडी

विक्रेता आणि पिशव्या त्याच्या असतील, पण स्पर्धा त्या किनाऱ्याला नवी नाही. कामिशिमाच्या शेजारी सुगाशिमा बेट आहे. तिथे जुलैमध्ये शिरोंगो उत्सव असतो. एरवी तो किनारा मासेमारीला बंद. त्या दिवशी शंख फुंकला की पांढऱ्या कपड्यातल्या अमा एकदम पाण्यात शिरतात. काळ्या आणि तांबड्या अवाबीची जोडी जी सगळ्यात आधी आणेल तिची जोडी देवाला वाहतात, आणि वर्षभर तिला मान असतो. जवळच्याच कुझाकी गावातून सुकवलेला अवाबी इसेच्या महामंदिराला जातो, ही प्रथा तर फारच जुनी.

आणि या बायकांनी स्वतःवर घातलेले नियम बघा. मिए प्रांतात १०.६ सेंटीमीटरपेक्षा लहान अवाबी मिळाला तर परत सोडायचा. पाण्यात राहायचे तास ठरलेले, हंगाम ठरलेला. डोक्याच्या रुमालावर तारा आणि जाळीची नक्षी शिवतात. तारा एका रेषेत सुरू होऊन सुरू झाला तिथेच संपतो, तसं बुडणारीने निघाल्या जागी सुखरूप परत यावं म्हणून.

नागोयावासी

तरीही अवाबी कमी होतोय, त्यात अमांचा दोष नाही. कुरोशियो हा उबदार प्रवाह २०१७ मध्ये मोठं वळण घेऊन वाहू लागला आणि ते वळण २०२५ पर्यंत टिकलं. मिएच्या किनाऱ्यावरचं पाणी तापलं, आरामे आणि काजिमे ही शेवाळाची रानं विरळ झाली. तेच अवाबीचं खाद्य. युद्धानंतर तोबा-शिमा भागात सहा हजारांच्या आसपास अमा होत्या, आता काहीशे आहेत. २०१७ मध्ये सरकारने त्यांच्या कलेला राष्ट्रीय लोकवारशाचा दर्जा दिला, त्याच वर्षी प्रवाह वळला. मला भेटलेल्या एका आजींनी दर्जाबद्दल अवाक्षर काढलं नाही. शेवाळाबद्दल मात्र बराच वेळ सांगत होत्या, कुठल्या खडकावर गुडघाभर उगवायचं आणि आता कुठे नुसता दगड दिसतो ते.

दमसास

कोरियाच्या जेजू बेटावरच्या हेन्योंचंही तेच चाललंय. त्यांना २०१६ मध्ये युनेस्कोची मान्यता मिळाली, आणि पाण्यात उतरणाऱ्यांमध्ये साठी ओलांडलेल्या बायकाच जास्त. आपल्याकडे मन्नारच्या आखातात आणि तिकडे इराणच्या आखातात मोत्यांसाठी बुडायचे ते पुरुष. दोन्हीकडच्या कामाची तुलना करणारा वेगळा धागा काढतो. देवबागचो, त्यात कालवांवर सविस्तर लिहाल का? कोयती कशी धरतात, सुकतीचा हिशेब कसा लावतात, सगळं.

देवबागचो

लिहितंय. मावशेक विचारून घेतंय, ती अजून जाता खडपार.